आवाज येतोय का?

फुजैराचं कोर्ट, दालन क्रमांक चार.
आरोपीच्या पिंजऱ्यात हल्ली
जादा खुर्च्या रचून ठेवतात.
आरोपी भिंतीवर येतो,
पंचावन्न इंची, खांद्यापर्यंत.

माझी जागा कारकुनाच्या डावीकडे.
दोन भाषांच्या उंबऱ्यावर बसायचे
तासावर पैसे मिळतात,
पार्किंगचे वेगळे.

पहिला प्रश्न नावाचा नसतो, गुन्ह्याचा नसतो.
पहिला प्रश्न, आवाज येतोय का?
मी तो मराठीत विचारते
आणि भिंतीवरचा माणूस दचकतो.
सात महिन्यांत त्याला कुणी
असं घरातल्यासारखं काही विचारलं नसावं.

दिलावर इब्राहिम सोलकर, वय एकेचाळीस,
मूळ गाव दाभोळ,
बंदरावरच्या गोदामात स्टोअरकीपर.
तांब्याच्या केबलची अकरा रिळं
गेटबाहेर गेली, पासवर सही ह्याची.

आधी ओठ हलतात, शब्द मागून येतात,
खाडीपलीकडे कुणी दगड फोडत असावं
आणि घण खाली आलेला दिसून गेल्यावर
ठोका ऐकू यावा, तसे.
"सही माझीच," तो म्हणतो.
न्यायाधीश लिहून घेतात, सही मान्य.
मी हात वर करते,
महोदय, वाक्य अजून पोचायचंय.
"...पन कागद कोरा व्हता."

त्याचा तो 'व्हता'
माझ्या अरबीत इस्त्री होऊन जातो.

त्याचा वकील शारजाहून, कोपऱ्यातल्या चौकोनात,
त्याच्या मागे कुणीतरी कपाट उघडतं, बंद करतं.

दिलावर कॅमेऱ्याकडे बघत नाही.
कुणीच बघत नाही.
माणूस बोलताना समोरच्या तोंडाकडे बघतो,
तोंडं पडद्यावर असतात
आणि कॅमेरा त्याच्या वीतभर वर.
त्यामुळे इथे भिंतीवर
जो येतो तो नजर खाली घालून येतो.
हे मी सांगू शकते, तिन्ही भाषांत.
पण दुभाष्याला कुणी विचारत नाही.

मग तो म्हणतो,
"बारा वर्सं मालकाचं मीठ खाल्लंय मी."
अरबीतही मीठ आहे,
फक्त ते एकटं खात नाहीत, सोबत भाकरी लागते.
शपथेत स्पष्ट लिहिलंय,
जास्त नाही, कमी नाही.
मी पदरची एक भाकरी घातली.

न्यायाधीशांनी मान वर केली,
सकाळपासून पहिल्यांदा.
"कोऱ्या कागदावर सही मागितली कुणी?"

मी प्रश्न मराठीत आणला,
जपून, न सांडता,
आणि पडद्यावर दिलावरचं तोंड अर्धं उघडं
तसंच राहिलं होतं.
एक डोळा मिटलेला.
छातीवर एक लहान वर्तुळ फिरत होतं, फिरत होतं.
मी पुन्हा विचारलं.
मूर्तीला कौल लावावा तसं वाट बघितली.
कारकून उठला, वायर हलवली,
शारजाचा वकील म्हणाला, मला कुणी दिसत नाही.

चित्र परत आलं तेव्हा
त्याच निळ्या खुर्चीत दुसराच मुलगा होता,
अठरा-एकोणीसचा, बंगाली,
मिसरूड ओठांत दाबून बसलेला.
तिकडे तुरुंगात वेळा ठरलेल्या असतात,
खोली एकच, कॅमेरा एकच.
पुढची तारीख एकोणीस.
एकोणीसला मी नाही, दिब्ब्याला आहे.
प्रश्न माझ्या वहीत राहिला,
त्याच्याकडे मराठीत, न्यायाधीशांकडे अरबीत
आणि उत्तर बहुधा त्या वर्तुळात.

जाताना कारकुनानं हजेरीचा कागद सरकवला.
तास मी नंतर भरतो, म्हणाला,
तू फक्त खाली सही कर.
चांगला माणूस आहे, रमजानात खजूर आणून देतो.
अकरा वर्षं मी अशीच करत आलेय,
पर्स खांद्याला, चावी हातात,
उभ्या उभ्या.

आजही केली.
दारापर्यंत गेले, मग वळून बघितलं.
कागद कोरा व्हता.